तळमजल्यावरच्या अकरा किल्ल्या

मुलुंड पूर्वेला, मिठागरांच्या बाजूला, आमची बिल्डिंग आहे. ‘आहे’ म्हणायची जिभेला सवय लागली आहे. खरं तर आता तिथे निळे पत्रे ठोकलेत आणि पत्र्यांच्या आत खड्डा आहे. तळमजला अधिक तीन, सोळा घरं. जिन्याला लागून पहिलं दार आमचं. आत आलं की डाव्या हाताला भिंतीवर एक सागवानी फळी आणि फळीवर पितळी खुंट्या. वडिलांनी ती छत्र्या टांगायला करून घेतली होती. मला कळायला लागल्यापासून तिथे छत्री टांगलेली मी पाहिली नाही. तिथे शेजाऱ्यांची घरं टांगलेली असत.

म्हणजे किल्ल्या. जवळजवळ प्रत्येक घराची दुसरी किल्ली आमच्याकडे. कुणी गावाला गेलं, कुणाचा मुलगा शाळेतून लवकर सुटला, कुणाचा लॅच मागून लागला, की आमच्या दारावर टकटक. आई उठायची, किल्ली काढायची आणि आलेल्याला आधी आत बसवून चहा पाजायची. किल्ली देताना चहा, परत घेताना चहा. लहानपणी मला वाटायचं की सरकारी नियमच असावा.

एखाद्या उपनगराचा इतिहास लिहायचा तर माणसं स्टेशनापासून नाहीतर देवळापासून सुरुवात करतात. मी त्या फळीपासून करतो, कारण आमचा सगळा इतिहास त्या फळीवर मावत होता. वडील इथे राहायला आले तेव्हा बिल्डिंगच्या मागे चिखल होता आणि चिखलाच्या मागे मीठ. गिरगावातले नातेवाईक आम्हाला भेटायला यायचे ते प्रवासाला निघाल्यासारखे, डबा बांधून. आम्ही स्वतः काही कमी नव्हतो. मुंबई महापालिकेचं पाणी पीत होतो, पण दादरला जायचं झालं की ‘मुंबईला जाऊन येतो’ म्हणायचो. डास एवढे, की पाहुणे टाळ्या वाजवतायत असं वाटायचं. त्याच चिखलात आता रोहित पक्षी येतात म्हणे, आणि पलीकडच्या टॉवरवाले त्या चिखलाला ‘व्ह्यू’ म्हणतात.

या चिखलाच्या काठाला जी माणसं आली ती सगळी एका खोलीतून दोन खोल्यांत आली होती. कुणी लालबागहून, कुणी कोकणातून, कुणी साताऱ्याकडून. तिसऱ्या मजल्यावर नांदेडकडचं एक कुटुंब आलं, वडील महापालिकेत होते. त्यांचा मुलगा माझ्याच वर्गात. डिसेंबरात त्यांचं सगळं घर चैत्यभूमीला जायचं तेव्हा त्यांची निळ्या दोऱ्याची किल्ली आमच्या फळीवर यायची. तो मुलगा पुढे सोसायटीचा सेक्रेटरी झाला. त्याच्याबद्दल पुढे सांगतो, त्याने या प्रकरणात फार सोसलं आहे.

पहिली किल्ली मात्र बाईंची. बाई म्हणजे तिसऱ्या मजल्यावरच्या शिक्षिका, आमच्या बिल्डिंगमधली नोकरी करणारी पहिली बाई. शाळा भांडुपला, मुलगा दुसरीत, नवरा बँकेत. सकाळी त्या खाली आल्या आणि दारातच उभं राहून म्हणाल्या की वहिनी, मुलगा साडेबाराला येतो, किल्ली ठेवाल का. आईने ‘ठेवते’ म्हटलं आणि वडिलांची छत्री खुंटीवरून काढून कपाटामागे टाकली. ती छत्री आम्हाला गेल्या महिन्यात सापडली. आईने हे काम मागितलेलं नव्हतं. पण त्यानंतर ज्या ज्या घरातल्या बायका नोकरीला लागल्या त्या घराची किल्ली आपोआप खाली आली.

आईने एक नियम मात्र कडक पाळला: कुठल्याही किल्लीवर घराचा नंबर लिहायचा नाही. चोर आला तर त्याची सोय कशाला करायची, असं तिचं म्हणणं. त्यामुळे किल्ल्यांना खुणा होत्या. एकीला लाल नाडी, एकीला साडीच्या काठाची पट्टी, एकीला बाटली उघडायचा ओपनर, बाईंच्या किल्लीला ब्लाउजचं पांढरं बटण. कुठली कुणाची, हे फक्त आईला माहीत. वडीलसुद्धा एकदा भलत्याच घरात शिरता शिरता वाचले. आज आई ब्याऐंशीची आहे. सकाळची गोळी घेतली की नाही हे तिला आठवत नाही, दोनदा विचारते. पण डोळे मिटून हात फिरवला तरी कुठली किल्ली कुठल्या मजल्याची हे ती सांगते.

दोन घरांची किल्ली आमच्याकडे कधी आली नाही. एक दुसऱ्या मजल्यावरचे गृहस्थ, त्यांचा जगात कुणावर विश्वास नव्हता. ते आपली किल्ली दाराबाहेरच्या तुळशीच्या कुंडीखाली ठेवत. ही गोष्ट अख्ख्या बिल्डिंगला आणि दूधवाल्याला माहीत होती. दुसरं घर अलीकडे भाड्याने आलेल्या एका नव्या जोडप्याचं. त्यांनी दाराला आकड्यांचं कुलूप लावलं. आईने त्या मुलीला विचारलं की तुमचा आकडा कुणाकडे ठेवता. ती म्हणाली, आजी, आकडा कुणाला सांगायचा नसतो. आईला हे फार लागलं. दोन दिवस ती त्या मुलीबद्दल ‘बिचारी’ असं म्हणत होती.

आणि मग रिडेव्हलपमेंट.

हा शब्द आमच्या उपनगरात आता लग्नासारखा झाला आहे. भेटलेला प्रत्येकजण विचारतो, तुमचं कुठवर आलं. आमचं बारा वर्षं चाललं होतं. बारा वर्षं मी त्या मीटिंगांना बसलो आहे. गणपतीच्या स्टेजवर मीच सूत्रसंचालन करायचो, म्हणून मीटिंगमध्येही माइक माझ्याकडेच. एक बिल्डर आला आणि गेला, दुसरा आला आणि आजारी पडला, तिसऱ्याने आमच्या गच्चीवर फोटो काढले आणि पुन्हा दिसला नाही. दर मीटिंगला कुंडीवाले गृहस्थ उभे राहून एकच प्रश्न विचारत आणि दर वेळी मी त्याचं तेच उत्तर देई. माझे केस त्या हॉलमध्ये पांढरे झाले. मला लपवायचं नाही, मी रिडेव्हलपमेंटच्याच बाजूचा होतो. मला लिफ्ट हवी होती. आमच्या मोरीतलं पाणी खालच्या मातीत जात होतं आणि वरच्यांच्या मोरीतलं आमच्या डोक्यावर येत होतं. आता बस झालं, असं मला मनापासून वाटायचं.

शेवटी चौथा बिल्डर टिकला. बिल्डिंग रिकामी करायची तारीख ठरली. फेब्रुवारीपासून टेम्पो यायला लागले. आधी वाजतगाजत, नंतर रोज एक, नंतर कुणी कधी गेलं हेही कळेना. मी ऑफिसमधून यायचो तर आणखी एक दार बंद. बायको सांगायची, आज पहिल्या मजल्यावरचे गेले. कुणी ठाण्याला, कुणी भांडुपला, कुणी रेल्वेच्या पलीकडे मुलुंड पश्चिमेला, जे आम्हा पूर्वेकडच्यांना परदेशासारखं. दुसऱ्या महिन्याच्या शेवटी बिल्डिंगमध्ये फक्त आम्ही तिघं उरलो. मी, बायको आणि आई. आमचंही ठरलं होतं: पश्चिमेला नवव्या मजल्यावर भाड्याची जागा, लिफ्टसकट. पुढच्या शुक्रवारी बिल्डरच्या माणसाला आमच्या घराचा ताबा द्यायचा, त्यानंतर पाणी आणि वीज तोडणार, सोमवारी पाडायला सुरुवात.

सामान बांधताना बायको फळी उतरवायला गेली आणि आईने हात धरला.

फळीवर अकरा किल्ल्या होत्या. जाताना लोकांनी आपापल्याजवळच्या किल्ल्या बिल्डरला दिल्या होत्या, पण आमच्याकडची दुसरी किल्ली न्यायला दोनच घरं आली. बाकीचे विसरले. विसरले तरी काय म्हणा. जे घर पाडायचं आहे त्याची जादा किल्ली कोण मागेल? मी आईला हेच सांगितलं. आईने ऐकून घेतलं आणि म्हणाली, “ज्याची त्याला दिल्याशिवाय मी उंबऱ्याबाहेर पाय टाकणार नाही.”

ती हे चिडून बोलली असती तर मी समजूत घातली असती. ती हे भाजी काय करायची ते सांगावं तशी बोलली.

सेक्रेटरीला कळवावं लागलं. तो दुसऱ्याच दिवशी संध्याकाळी आला, भांडुपच्या भाड्याच्या घरातून, घामाघूम. मला बाहेर गाठून म्हणाला, “अरे, बारा वर्षं तू माइकवर बोंबलत होतास आणि आता तुझ्याच घरात अडकलं? वाट लागली ना यार.” मी म्हटलं, आत चल आणि तूच बोल. तो आईसमोर बसला आणि हळू आवाजात सांगू लागला, की मावशी, पंधरा घरं बाहेर भाड्याने राहतायत. बिल्डिंग रिकामी झाल्याशिवाय काम सुरू होत नाही. सगळे तुमच्यासाठी थांबलेत.

“मग येऊन सांगू दे ना त्यांना,” आई म्हणाली.

मग ती उठली, निळ्या दोऱ्याची किल्ली काढून त्याच्या हातात ठेवली आणि चहा टाकायला आत गेली. सेक्रेटरीने किल्लीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. पन्नाशीचा माणूस, पण चहा होईपर्यंत दहावीतल्या मुलासारखा निळा दोरा बोटाला गुंडाळत बसला. गेला तेव्हा दहा किल्ल्या उरल्या होत्या आणि नऊ दिवस.

आता मी केलं ते सांगतो. मला त्याची फारशी लाज वाटत नाही, कारण मी खरोखर दमलो होतो. रविवारी सकाळी मी पाच किल्ल्या खिशात टाकल्या, आईला सांगितलं की वाटून येतो, स्कूटर काढली आणि थेट पश्चिमेच्या एका उडुप्याकडे जाऊन बसलो. इडली-वडा खाल्ला, दोन कॉफ्या घेतल्या, पेपर शब्दकोड्यासकट संपवला. किल्ल्या स्कूटरच्या डिकीत टाकल्या. दुपारी घरी येऊन आईसमोर प्रयोग लावला. कुणी कशी किल्ली घेतली, कोण काय बोललं, कुणाचा गळा दाटला. पहिल्या मजल्यावरच्या काकांची तर मी चालसुद्धा करून दाखवली. ते किल्ली हातात घेऊन गॅलरीत गेले आणि पाठ फिरवून उभे राहिले, असा शेवट केला. मला स्वतःलाच भरून आलं.

आई शांतपणे ऐकत होती. मग बायकोला म्हणाली, “काका बंगळूरला लेकीकडे जाऊन दोन महिने झाले ना गं?”

बायकोने माझ्याकडे ज्या नजरेने बघितलं ती मी लग्नाच्या सत्तावीस वर्षांत चार-पाचदाच बघितली आहे. आई उठून स्वयंपाकघरात गेली. तिथे खोक्यात भरून चिकटपट्टी लावलेले डाळ-तांदळाचे डबे होते. तिने चिकटपट्टी सोडवली आणि एकेक डबा काढून पुन्हा रॅकवर लावायला सुरुवात केली. तूरडाळ, मूगडाळ, पोहे, रवा. पूर्वीच्याच जागेवर, पूर्वीच्याच क्रमाने. मी डिकीतून पाचही किल्ल्या काढून आणल्या आणि खुंट्यांवर अडकवायला लागलो. दोन चुकीच्या खुंट्यांवर अडकवल्या. तिने त्या बदलल्या.

त्या रात्री बायको मला म्हणाली की तुला वाटतं आईंना किल्ल्या परत करायच्या आहेत. मग काय करायचंय, मी विचारलं. ती म्हणाली, ते तूच शोध, तू हुशार आहेस.

सोमवारपासून मी ऑफिसला तीन दिवसांची रजा टाकली. रजेच्या कारणात ‘घरगुती’ लिहिलं. आईने पद्धत घालून दिली. आधी फोन लावायचा, स्पीकरवर, तिच्यासमोर. मालक सांगेल तसं करायचं. काकांना बंगळूरला फोन लावला. ते खूप हसले, तब्येतीची चौकशी केली आणि म्हणाले, अरे, आता काय करायचीय ती, टाकून दे. मला वाटलं, आई रागावेल. ती म्हणाली, मालकाने सांगितलं ना, मग ठीक. आणि लाल नाडीची किल्ली स्वतःच्या हाताने केराच्या डब्यात टाकली. तिचा नियम तेवढाच होता. पण पुढचा फोन लावायला तिने बराच वेळ लावला.

दुसरे म्हणाले टाका. तिसऱ्यांच्या सुनेने विचारलं की पितळेची आहे का. चौथ्यांना मुळात आमच्याकडे किल्ली होती हेच आठवेना. बाटली उघडायचा ओपनर म्हटल्यावर मात्र तो ओपनर परत मागितला. आणखी तिघांनी टाकाच म्हटलं, दोघांकडे मी खरोखर जाऊन आलो. एक जण नवीन टॉवरच्या पार्किंगमध्येच भेटायला खाली आला, किल्ली खिशात टाकली, मला ऊन लागतंय का विचारलं आणि मीटिंग आहे म्हणून वर गेला. माणसं वाईट नव्हती. सगळी थकलेली होती. भाड्याच्या घरात सामान लावून, मुलांच्या शाळेच्या बस बदलून, दर महिन्याला बिल्डरला फोन करून प्रत्येकजण माझ्यासारखाच दमला होता. पण कुणाच्याही बोलण्यात एक वाक्य नव्हतं आणि आई प्रत्येक फोनला त्याचीच वाट बघत होती, हे मला मंगळवारी संध्याकाळी कळलं. न सांगता गेलो, चुकलं, हे वाक्य. चाळीस-पंचेचाळीस वर्षं दोन दिवस गावाला जातानाही जी माणसं किल्ली ठेवून, चहा पिऊन, ‘येतो’ म्हणून जायची, ती कायमची जाताना जिन्यातून सरळ टेम्पोत बसली होती.

बुधवारी एकच किल्ली उरली, पांढऱ्या बटणाची.

बाईंना आईने फोन लावू दिला नाही. ‘तू जाऊन ये’ एवढंच म्हणाली. बाई फेब्रुवारीत गेल्या होत्या, ठाण्याच्या घोडबंदर रोडला मुलाकडे. त्यांचा टेम्पो दुपारी आला तेव्हा आई झोपली होती. उठली तेव्हा जिन्यात फक्त सुतळीचे तुकडे होते. त्यानंतर दोघींचं एकदाही बोलणं झालं नाही. फोन दोघींकडे आहेत, नंबर दोघींना पाठ आहेत.

गेटवर वॉचमनने माझा फोटो काढला, फोनवर परवानगी मागितली, मग लिफ्टने मी बाविसाव्या मजल्यावर गेलो. बाई खिडकीशी खुर्ची टाकून बसल्या होत्या. खूप बारीक झाल्या होत्या. घरात दुसरं कुणी नव्हतं. त्यांनी चहा केला, आमच्या घरच्यासारखाच, आलं जास्त घातलेला. मी खिशातून किल्ली काढून पुढे धरली. त्यांनी हात मांडीवरून उचलला नाही.

“ही मी घेणार नाही,” त्या म्हणाल्या.

मी म्हटलं, “बाई, आई घर सोडत नाहीये. परवा शेवटचा दिवस आहे.”

“मग नको सोडू दे. मला काय सांगतोस?”

मी समजावून बघितलं. सेक्रेटरीचं, पंधरा घरांचं, सोमवारच्या पाडकामाचं सांगितलं. मीटिंगमध्ये बारा वर्षं वापरलेली सगळी वाक्यं वापरली. त्या माझ्या शाळेतल्या नव्हत्या, पण चुकीचं उत्तर देणाऱ्या मुलाकडे बघावं तशा माझ्याकडे बघत होत्या. माझं संपल्यावर म्हणाल्या, “तुझ्या आईकडे किल्ली आहे तोवर मी बाहेर गेलेली आहे रे. ती हातात घेतली की मी इथे राहायला आले.”

मी उठलो. खिडकीतून लांबवर येऊरचे डोंगर दिसत होते आणि मधे क्रेनच क्रेन. मी चहाचा कप धुऊन ठेवला. निघताना मात्र राहवलं नाही. सांगून टाकलं की तुम्ही न भेटता गेलात ते आईला लागलंय, ती झोपली होती म्हणून तुम्ही उठवलं नसेल हे मी तिला सांगत असतो, पण ती ऐकत नाही.

बाई दारापर्यंत आल्या. “झोपली होती म्हणून नाही,” त्या म्हणाल्या. “ती झोपेपर्यंत मी टेम्पोवाल्याला थांबवून ठेवलं होतं.”

घरी येऊन मी आईला सगळं जसंच्या तसं सांगितलं. आवाज न काढता, हातवारे न करता. आयुष्यात एवढं सपाट मी कधी काही सांगितलं नसेल. किल्ली पुन्हा खुंटीवर अडकवली. आई ‘बरं’ म्हणाली आणि मसूर निवडायला बसली. बायकोने विचारलं, आता? मी म्हटलं, मला माहीत नाही. खरंच माहीत नव्हतं. सेक्रेटरीचे सात फोन येऊन गेले होते. आठवा मी उचलला आणि त्याला सांगितलं की उद्यापर्यंत मला काही विचारू नकोस. तो म्हणाला, “उद्यापर्यंत नाही विचारत. परवा मात्र मावशींना खांद्यावर बसवून नेईन, मग तुम्ही दोघं मला मारा.”

गुरुवारी दुपारी दारावर टकटक झाली. बेल चालू होती, पण टकटकच झाली. बाई उभ्या होत्या, घोडबंदरहून एकट्या रिक्षाने आलेल्या, घामेजलेल्या. आईने दार उघडलं. ती बाजूला सरली आणि म्हणाली, “या. बसायला खुर्ची नाही हां, खुर्च्या काल गेल्या.”

दोघी पुस्तकांच्या खोक्यांवर बसल्या. मी आणि बायको स्वयंपाकघरात, ऐकत नसल्यासारखे. त्या टेम्पोबद्दल बोलल्या नाहीत. गुडघ्यांबद्दल बोलल्या, बाईंच्या सुनेच्या कामाच्या वेळांबद्दल, बाविसाव्या मजल्यावर कावळा येत नाही याबद्दल. पितरांना जेवण कुठे ठेवायचं, हा आईचा प्रश्न होता. बाई म्हणाल्या, त्यांना लिफ्टने बोलवावं लागेल. आई खूप दिवसांनी मोठ्याने हसली.  मग बाई खाली बघून म्हणाल्या, “वहिनी, मला तुमच्यासमोर निघता आलं नसतं.”

“मला कळायला नको का ते,” आई म्हणाली. “म्हणून तर तीनपासून डोळे मिटून पडले होते.”

बायकोच्या हातातला चमचा खाली पडला. मी तो उचलला नाही.

चहा झाला. आई उठली, खुंटीवरून पांढऱ्या बटणाची किल्ली काढली आणि बाईंच्या हातात दिली. बाईंनी या वेळी ती घेतली. मूठ मिटली. मग जायला उठल्या, चपला घातल्या, उंबऱ्याबाहेर गेल्या आणि तिथे वळून त्यांनी मूठ पुढे केली.

“वहिनी, जरा ठाण्याला जाऊन येते. किल्ली ठेवाल?”

आईने किल्ली घेतली. “किती दिवस?”

“तीन वर्षं म्हणतायत.”

“आमच्याकडे तिनाची चार होतात,” आई म्हणाली. “निघालात की फोन करा, चहा टाकते.”

मी बाईंना रिक्षात बसवायला गेलो. परत आलो तर आई रॅकवरचे डबे पुन्हा खोक्यात भरत होती. बायकोकडून चिकटपट्टी मागून घेतली होती आणि ती दातांनी तोडत होती. फळी उतरवू का, असं मी विचारलं. ती म्हणाली, आता फळी कशाला, एकच आहे. बाईंची किल्ली तिने साखर-पोह्यांच्या खोक्यात नव्हे, कमरेच्या बटव्यात ठेवली.

शुक्रवारी सकाळी टेम्पो भरला. बिल्डरचा माणूस ताबा घ्यायला आला, चाळिशीचा, डोक्यावर पिवळं हेल्मेट, हातात एक पुठ्ठ्याचं खोकं. खोक्यात आमच्या सगळ्या शेजाऱ्यांच्या किल्ल्या होत्या, एकमेकींत अडकलेल्या. त्याने मला कागदावर तीन ठिकाणी सही करायला लावली. मी सही करत असताना आईने दार ओढून घेतलं, दोनदा ढकलून बघितलं आणि आमच्या घराची किल्ली त्याच्यापुढे धरली. त्याने ती घेऊन खोक्यात टाकली.

“त्यात नको,” आई म्हणाली. “जपून ठेवा. मी येते न्यायला.”

तो माणूस माझ्याकडे बघायला लागला. आज्जी, हे सगळं भंगारात जातं, असं काहीतरी सांगायला त्याने तोंड उघडलं असावं. मी काहीच मदत केली नाही. आई तिथेच उभी होती, तिला कसलीच घाई नव्हती. त्याने खोक्यात हात घातला, सगळ्यांतून आमची किल्ली शोधून बाहेर काढली, शर्टाच्या वरच्या खिशात ठेवली आणि खिशाचं बटण लावलं.

“चहा टाकला असता,” आई त्याला म्हणाली, “पण गॅस काल काढला.” आणि माझा हात धरून ती उंबऱ्यावरून खाली उतरली.